आपली मोजणी कोणाच्या व्याख्येने?

"आकडे खोटं बोलत नाहीत" असं ठासून सांगणाऱ्यांना एक प्रश्न विचारा. महाराष्ट्रात अनुसूचित जातींचं प्रमाण १९८१ च्या जनगणनेत ७.१४ टक्के होतं, १९९१ मध्ये ते ११.०९ टक्के झालं. दहा वर्षांत एवढी माणसं आली कुठून? कुठूनही नाही. माणसं तीच, वस्त्याही त्याच. बदलली ती व्याख्या.

समाजशास्त्रात जे मोजायचं त्याला 'चल' म्हणतात. जात, धर्म, गरिबी, शिक्षण ही सगळी चलं. पण ती तराजूत घालून मोजता येत नाहीत. प्रगणकाच्या हातात आधी नियम द्यावा लागतो: अमुक अट पूर्ण झाली तर या रकान्यात नोंद कर, नाहीतर करू नको. या नियमाला कार्यात्मक व्याख्या म्हणतात. आपल्यातले बरेच जण ती परीक्षेपुरती वाचतात. प्रत्यक्षात आपले राखीव मतदारसंघ, नोकऱ्या आणि निधी तिच्यावरच ठरत आले आहेत.

बाबासाहेबांनी हे १९३२ मध्येच ओळखलं होतं. मताधिकाराचा विचार करणाऱ्या लोथियन समितीचे ते सदस्य होते. अस्पृश्य नेमके किती, यावर तिथे वाद झाला. संयुक्त प्रांतात जनगणनेनुसार सव्वा कोटीच्या घरात अस्पृश्य होते, तिथल्या प्रांतिक समितीने मात्र सुमारे सहा लाखच दाखवले. स्पर्शाचा विटाळ शब्दशः पाळला जातो का, एवढंच पाहिलं तर आकडा हवा तेवढा घटवता येतो. बाबासाहेबांनी स्वतंत्र टिपण देऊन सांगितलं की कसोटी विटाळाच्या कल्पनेची लावा. समाज ज्या वर्गाला अस्पृश्य समजतो तो अस्पृश्य, मग एखाद्या ठिकाणी त्याचा स्पर्श टाळला जात नसला तरी.

आता आपल्या चांद्याकडे या. नागपूरनंतर दोनच दिवसांनी, १६ ऑक्टोबर १९५६ रोजी, बाबासाहेबांनी इथे धम्मदीक्षा दिली. गडचिरोली तेव्हा चांदा जिल्ह्यातच होतं, १९८२ मध्ये ते वेगळं झालं. १९५१ मध्ये आजच्या महाराष्ट्राच्या भागात जेमतेम अडीच हजार बौद्ध होते, १९६१ मध्ये ते जवळपास २७ लाख ९० हजार झाले. पण १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीला धर्माची अट घातली होती. आधी हिंदू, १९५६ पासून शीखही. बौद्ध त्यात नव्हते. राज्याने 'नवबौद्ध' म्हणून सवलती दिल्या, तरी केंद्राची दारं बंदच राहिली.

मग घराघरात पेच पडला. बौद्ध लिहिलं तर हक्क जातो, हिंदू लिहिलं तर धम्म जातो. अनेक घरांत भिंतीवर बुद्ध आणि कागदावर हिंदू असं झालं. म्हणजे धर्माचा रकाना श्रद्धा मोजत नव्हता, हक्क जाण्याची भीतीही मोजत होता. संशोधनाच्या भाषेत ही मोजमापाची वैधताच गेली. १९९० च्या दुरुस्तीने बौद्धांना अनुसूचित जातीत घेतलं, आणि पुढच्याच जनगणनेत तो आकडा उसळला.

हे फक्त आपल्याच वाट्याला आलं नाही. १९७६ पर्यंत विदर्भात अनुसूचित जमातीची ओळख ठरावीक तहसिलांपुरती होती. चांदा जिल्ह्यात गडचिरोली आणि सिरोंचा या दोनच तहसिली त्या यादीत होत्या. वैनगंगेच्या पूर्वेकडचा गोंड अनुसूचित, नदी ओलांडून ब्रह्मपुरीत राहणारा त्याचाच सोयरा नाही! क्षेत्रबंधन उठलं आणि राज्यातलं जमातींचं प्रमाण १९७१ च्या ५.८६ टक्क्यांवरून १९८१ मध्ये ९.१९ टक्क्यांवर गेलं. त्या वाढीतले काही दावे पुढे वादग्रस्त ठरले, हे खरं. पण त्यातून मुद्दा पक्काच होतो: व्याख्या अरुंद केली तर खरे लोक बाहेर पडतात, सैल सोडली तर इतर आत शिरतात. म्हणून व्याख्या कोण करतो, यावर आपली नजर हवी.

२०२७ च्या जनगणनेत जात विचारली जाणार आहे. "आम्ही जात सोडली, मग ती लिहायची कशाला?" असं आपले काही तरुण विचारतात. प्रश्न प्रामाणिक आहे. पण जात नोंदवणं म्हणजे जात मानणं नव्हे. आजार मोजणारा डॉक्टर आजाराचा समर्थक नसतो. धर्म म्हणजे आपली निवड, जात म्हणजे आपल्यावर लादलेली स्थिती. ही दोन वेगळी चलं आहेत आणि १९९० पासून दोन्ही एकत्र नोंदवता येतात.

म्हणून धर्मासमोर बौद्ध, आणि अनुसूचित जातीच्या नोंदीत दाखल्यावरची जात. दोन्ही नोंदी प्रगणकाकडून वाचून घ्या. "तुमचं हिंदूच लिहितो" म्हणाला तर तिथेच थांबवा. दर रविवारी विहारात वंदनेनंतर दहा मिनिटं या कामाला द्या, आणि शेजारच्या गोंड-माडिया टोल्यांवरही जाऊन बोला.

लोथियन समितीत बाबासाहेब व्याख्येसाठी भांडले, कारण पुढचं सगळं तिच्यावर अवलंबून होतं. आपल्याला निदान आपल्या दारातली नोंद तरी बरोबर करून घेता आली पाहिजे.

जय भीम!