उल्हासाच्या मुखाशी : एका इंग्रजी शब्दाचे कूळ

इंग्रजी भाषेतील काही शब्द आमच्या सुशिक्षित कुटुंबांत असे रुळले आहेत की, त्यांस मराठीत काय म्हणावे हा प्रश्न सहसा कोणास पडतच नाही. 'व्हिव्हॅसिटी' हा त्यांपैकी एक होय. एखादी मुलगी चारचौघांत मोकळेपणाने बोलली, हसली, चटकन उत्तर देती झाली, म्हणजे तिच्या अंगी 'व्हिव्हॅसिटी' आहे असे वडील मंडळी कौतुकाने म्हणतात. आणि तिच्या शेजारी निमूटपणे बसून सारे घर सांभाळणाऱ्या थोरल्या बहिणीच्या अंगी ती नाही, असेही त्याच श्वासात ठरवून मोकळी होतात. हा निवाडा कितपत बरोबर आहे, हे पाहण्यासाठी त्या शब्दाचे मूळ शोधावे असे आमच्या मनात आले. आणि शोधता शोधता आम्ही कोशांतून निघून वसईच्या किल्ल्यापाशी येऊन पोहोचलो. हा प्रवास वाचकांस विचित्र वाटेल. परंतु तो अकारण नाही, हे पुढील विवेचनावरून दिसून येईल.

प्रथम शब्दाचे घराणे पाहू. 'व्हिव्हॅसिटी' हा शब्द लॅटिनमधील 'विवाक्स' या विशेषणापासून निघाला, आणि ते विशेषण 'जगणे' या अर्थाच्या धातूपासून. परंतु 'विवाक्स' म्हणजे हसतमुख किंवा चटपटीत असा मूळ अर्थ नव्हे. जे पुष्कळ काळ जगते, जे जिवास घट्ट धरून राहते, जे सहजासहजी मरत नाही, ते 'विवाक्स'. आपण मुलाच्या नावामागे 'चिरंजीव' हा शब्द लावतो, त्याच्या फार जवळचा हा भाव आहे. इंग्रजीत हा शब्द आला तेव्हा हा जुना अर्थही त्याच्याबरोबर आला. डॉक्टर जॉन्सनने १७५५ साली आपला प्रसिद्ध कोश छापला, त्यात या शब्दाखाली 'चपळ जिवंतपणा' आणि 'दीर्घायुष्य' असे दोन्ही अर्थ दिलेले आढळतात. पुढे दिवाणखान्यांतील संभाषणकलेस महत्त्व आले, आणि दीर्घायुष्याचा अर्थ मागे पडून केवळ चपळाई शिल्लक राहिली. मुळाचा अर्थ गेला आणि पानांची सळसळ तेवढी राहिली, असे म्हटले तरी चालेल.

जुना अर्थ मात्र सर्वस्वी नष्ट झाला नाही. हिवतापाच्या जंतूंपैकी एका जातीचे नाव 'व्हायवॅक्स' असे आहे. इटालियन शास्त्रज्ञ ग्रासी व फेलेट्टी यांनी १८९० साली ते दिले, आणि ते देताना रक्तपेशीत चालणारी त्या जंतूची चपळ हालचाल त्यांच्या डोळ्यांसमोर होती. परंतु हाच जंतू रोग्याच्या यकृतात लपून राहतो आणि रोगी बरा झाला असे वाटल्यावर कित्येक महिन्यांनी पुन्हा डोके वर काढतो, हे पुढील काळात कळून आले. म्हणजे नाव ठेवणाऱ्यांनी चपळाई पाहिली, आणि शास्त्राने तिच्या आड दडलेला चिवटपणा उजेडात आणला. एकाच शब्दातील दोन अर्थांची अशी गाठ क्वचितच पडत असेल.

आता याच घराण्याच्या दुसऱ्या शाखा पाहा. लॅटिनमधील हा धातू आणि संस्कृतातील 'जीव्' हे सख्खे भाऊ आहेत, असे भाषाशास्त्रज्ञांचे निश्चित मत आहे. फारसीतील 'जिंदा' हा शब्द त्याच कुळातला. इंग्रजीतील 'क्विक' हा शब्द आज 'लवकर' या अर्थी चालतो. परंतु तोही याच मुळाचा असून त्याचा प्राचीन अर्थ 'जिवंत' असाच होता. १६११ साली छापलेल्या इंग्रजी बायबलात 'जिवंत आणि मृत' यांचा उल्लेख याच शब्दाने केलेला आहे. शहाळ्यासारखा आतून भरलेला हा शब्द कालांतराने नुसत्या घाईचा वाचक झाला. 'ॲनिमेशन' या शब्दाची कथाही अशीच आहे. तो 'श्वास' या अर्थाच्या लॅटिन शब्दापासून आला. आणि आपल्या 'प्राण' व 'अनिल' या शब्दांत जो 'अन्' धातू आहे, तो त्याचाच भाऊबंद होय. तेव्हा हे शब्द परके आहेत असे जे आपणांस वाटते, ते अर्धेच खरे आहे. ते फार पूर्वी वेगळे निघालेले आपलेच भाऊ आहेत.

हे भाऊ पुन्हा एका ठिकाणी भेटल्याचे उदाहरण पाहावयाचे असेल, तर वसईकडे जावे. सह्याद्रीत उगम पावून कर्जत, बदलापूर, कल्याण यांवरून वाहत येणारी नदी वसईच्या खाडीतून समुद्रास मिळते. तिचे नाव उल्हास. चैतन्यवाचक शब्दांचा विचार करणाऱ्यास याहून समर्पक नावाची नदी कोठे मिळणार? या उल्हासाच्या मुखाशी दोन सहस्र वर्षांहून अधिक काळ निरनिराळ्या भाषा बोलणारे सत्ताधीश आले आणि गेले. आणि त्यांतील प्रत्येकाच्या मुखात जीवनवाचक शब्द कोणत्या ना कोणत्या रूपाने होताच.

सर्वांत आधी सोपारा. ग्रीक व्यापाऱ्यांस आणि टॉलेमीस ठाऊक असलेले हे बंदर आज नालासोपारा या नावाने ओळखले जाते. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी १८८२ साली येथील स्तूप उकरला, आणि अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडाही त्यांनीच उजेडात आणला. पुढे १९५६ साली जवळच्या भुईगावास नवव्या लेखाचा तुकडा सापडला. हे दोन्ही लेख आमच्या विषयास फार जवळचे आहेत. पूर्वीचे राजे मृगयेसारख्या करमणुकीसाठी विहारयात्रा करीत. अशोक म्हणतो, त्याऐवजी आपण धर्मयात्रा करतो आणि तीत अधिक आनंद आहे. हा आठव्या लेखाचा आशय होय. नवव्या लेखात लोकांच्या नाना प्रकारच्या मंगलविधींचा उल्लेख करून राजा सांगतो की, दासांशी नीट वागणे, गुरूंचा आदर करणे आणि प्राण्यांविषयी संयम राखणे हेच खरे मंगल. उत्सव आणि आनंद यांवर बंदी घालावी असे तो म्हणत नाही. त्यांचे मूळ कोठे असावे एवढेच तो विचारतो.

त्यानंतर दीर्घकाळाने गुजरातच्या सुलतानांचा अंमल येथे होता. दरबारी फारसीच्या द्वारे 'जोश', 'उमेद', 'खुशी', 'हौस' असे शब्द मराठीत येऊन घरचे झाले. त्यांतील 'जोश' याचा मूळ अर्थ 'उकळी' असा आहे, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. कारण उकळी येते आणि बसतेही. १५३४ साली बहादूरशहाने वसई पोर्तुगीजांस दिली, आणि पुढील दोनशे वर्षे येथे तटबंदी, देवालये, मठ व वाडे उभे राहिले. पोर्तुगीजांच्या भाषेतही 'व्हिव्हो', 'व्हिव्हा' हे शब्द त्याच जुन्या कुळातले. पण नवल असे की, त्यांच्या भाषेतून मराठीने चावी, बादली, पगार, लिलाव, पाव, काजू, मेस्त्री, तुरुंग असे शब्द घेतले, ते बहुतेक वस्तूंचे आणि व्यवहाराचे. मनोवृत्तीचे शब्द जवळजवळ घेतलेच नाहीत. राज्यकर्त्यांच्या घरातील किल्ली आम्ही घेतली. आतला आनंद मात्र आतच राहिला. ज्या नगराच्या तटाआड मुख्यत्वेकरून उमराव घराणीच नांदत होती, तेथे याहून निराळे काय घडणार होते?

मराठ्यांच्या उत्साहाची कसोटी या तटापाशी लागली. 'उत्साह' या शब्दाकडे आम्ही वाचकांचे मुद्दाम लक्ष वेधतो. आपण तो आज सभासंमेलनांच्या वर्णनात स्वस्त करून टाकला आहे. परंतु त्यातील धातू 'सह्' हा आहे. सोसणे, टिकाव धरणे, भारी पडणे हा त्याचा अर्थ. भरतमुनींनी वीररसाचा स्थायिभाव उत्साह हाच सांगितला, आणि अर्थशास्त्रकारांनी राजाच्या तीन शक्तींत त्याची गणना केली, ती काही गडबड आणि गलबला यांच्यासाठी नव्हे. १७३७ साली सुरू झालेली मोहीम चिमाजी अप्पांनी १७३९ च्या मे महिन्यात संपविली. फेब्रुवारीपासून किल्ल्यास वेढा होता. दलदल, खाडी आणि दगडी बुरूज यांपुढे घोडदळाचा वेग निरुपयोगी होता. सुरुंग खणणे, ते उडविणे, खिंडारात शिरणे, मागे रेटले जाणे आणि पुन्हा शिरणे, हेच काम होते. हजारो माणसे पडली. अखेर किल्लेकऱ्यांनी तहाची बोलणी लावली, तेव्हा विजेत्यांनी त्यांस शस्त्रांनिशी, निशाणे फडकावीत व नगारे वाजवीत बाहेर पडू दिले, आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती प्रजेस धर्माचरणाची मुभा दिली. शेवटच्या घटकेपर्यंत टिकणे आणि टिकल्यावर उन्मत्त न होणे, हे दोन्ही गुण ज्यात आहेत, त्यास उत्साह म्हणावे. जोश पहिल्याच हल्ल्यात संपला असता.

या विजयाच्या खुणा दूरवर पोहोचल्या. वसईच्या घंटा देवळोदेवळी गेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळावरील घंटेवर १७२१ हे पोर्तुगीज वर्ष असून ती वसईच्या विजयाची खूण म्हणून सांगतात. परंतु त्रेसष्ट वर्षांनी त्याच वसईत उलटे दृश्य दिसले. १८०२ च्या ऑक्टोबरात होळकरांनी पुण्याजवळ पेशव्यांचा पराभव केला. दुसरा बाजीराव पळून वसईस आला, आणि ३१ डिसेंबर रोजी त्याने इंग्रजांशी तह केला. सहा हजार कवायती पायदळ आपल्या मुलखात ठेवून घेण्याचे आणि त्यांच्या खर्चासाठी सव्वीस लक्षांचा मुलूख तोडून देण्याचे त्यात कबूल केले होते. परराष्ट्रांशी स्वतंत्रपणे बोलण्याचा अधिकारही गेला. बाजीरावाच्या दरबारात चहलपहल, रंगढंग आणि खुशाली यांची वाण होती, असे कोणी म्हणणार नाही. आजच्या अर्थाने 'व्हिव्हॅसिटी' तेथे पुरेपूर होती. जुन्या अर्थाने ती संपली होती. ज्या ठिकाणी आमच्या पूर्वजांनी उत्साहाचा अर्थ रक्ताने लिहिला, त्याच ठिकाणी तो पुसला गेला, आणि त्यानंतर इंग्रजी शब्द आमच्या घरांत येण्याचा मार्ग मोकळा झाला. मोल्सवर्थ व कँडी यांचा इंग्रजी-मराठी कोश १८४७ साली निघाला, तो या तहानंतर पंचेचाळीस वर्षांनी. त्या कोशाचे उपकार आम्ही मानतो. परंतु शब्द आणि सत्ता यांची पावले बहुधा मागेपुढेच पडतात, हे विसरता येत नाही.

मग उल्हासाच्या मुखाशी खरोखर 'विवाक्स' असे काय राहिले? तट पडले, देवालयांची छपरे गेली, पेशवाई बुडाली, इंग्रजही गेले. राहिले ते वसईचे लोक. चिमाजी अप्पांच्या तहाने ज्यांस धर्माची मुभा मिळाली, त्यांचे वंशज आजही येथे नांदत असून सामवेदी ख्रिस्ती समाज घरात आपली कादोडी बोली बोलतो. पोर्तुगीज धर्म घेऊनही त्यांनी पोर्तुगीज भाषा घेतली नाही, हे मराठीच्या इतिहासात सोन्याच्या अक्षरांनी लिहावे असे आहे. याच भूमीतील फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी बायबल सुबोध मराठीत आणले, आणि २०२० साली धाराशिव, म्हणजे तेव्हाच्या उस्मानाबाद येथील साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद भूषविले. वाड्यांतून केळी, पानवेली आणि फुलझाडे राहिली. राजेळी केळी सोलून उन्हात वाळविली की त्यांची सुकेळी होतात. पिकलेले केळ चार दिवसांत नासते. सुकेळे त्यापेक्षा कितीतरी अधिक टिकते आणि गोडीत वाढते. ज्यास 'विवाक्स' म्हणजे काय हे कोशावाचून समजून घ्यावयाचे आहे, त्याने आगाशीचे एक सुकेळे खाऊन पाहावे.

१८६७ साली विरारहून मुंबईस जाणारी गाडी सुरू झाली, आणि २००९ साली वसई-विरार शहर महानगरपालिका स्थापन झाली. मधल्या काळात पुष्कळ वाड्या गेल्या, विहिरी बुजल्या, त्यांवर इमारती उठल्या. दिब्रिटो आणि त्यांचे सहकारी यांनी हरित वसईसाठी जी चळवळ केली, तिचे कारण हेच होते. आता अशा वाढत्या नगरांचे वर्णन करताना 'व्हायब्रंट' हा आणखी एक इंग्रजी शब्द मोठ्या हौसेने वापरला जातो. त्याचे मूळ 'थरथरणे' या अर्थाच्या लॅटिन धातूत आहे. रात्रंदिवस धावणाऱ्या गाड्यांनी भूमी थरथरते, यात संशय नाही; परंतु थरथरणे आणि जगणे या दोन गोष्टी एक नव्हेत. नव्या वस्तीस आमचा विरोध नाही. पोटासाठी दूरदूरून आलेल्या माणसांनी राहावे तरी कोठे? पण विहिरीवाचून वाडी आणि वाडीवाचून वसई किती दिवस चिरंजीव राहील, हा प्रश्न हौसेच्या शब्दांनी सुटणारा नाही.

आरंभी ज्या दोन बहिणींचा उल्लेख केला, त्यांजकडे आता परत येऊ. धाकटीचे हसणे आम्हांसही प्रिय आहे. घरात ते असावेच. परंतु जी न बोलता घर टिकवून धरते, जिच्यामुळे बाकीच्यांस हसण्याची सवड मिळते, ती थोरलीच शब्दाच्या मूळ अर्थाने अधिक 'व्हिव्हेशस' आहे, असे आम्ही वसईच्या साक्षीने म्हणतो. मराठीत तिच्यासाठी शब्द शोधावयास दूर जावे लागत नाही. 'उत्साह' हा शब्द आपणांजवळ आहेच. सभेच्या वृत्तांतातून सोडवून तो पुन्हा त्याच्या धातूपाशी नेऊन बसविला, म्हणजे पुरे.