सदू शिंदे : युद्धकाळातील एक गोलंदाज

क्रिकेटचा इतिहास आपण बहुधा फलंदाजांच्या बाजूने ऐकतो. 1943-44 च्या रणजी हंगामात मुंबईने महाराष्ट्राविरुद्ध 735 धावा काढल्या. त्यांत विजय मर्चंट यांच्या नाबाद 359 होत्या. हा पराक्रम पुष्कळांना पाठ आहे. परंतु त्याच धावफलकावर आणखी एक ओळ आहे : शिंदे, 75.5 षटके, 186 धावा, 5 बळी. कामगार चळवळीत हयात घालवलेल्या माझ्यासारख्याची नजर आधी त्या षटकांवर जाते. साडेचारशेहून अधिक चेंडू! टाकणारा वीस वर्षांचा पोरगा! आणि एवढ्या धावांच्या पुरात त्याने षटकामागे अडीच धावाही दिल्या नाहीत.

सदाशिव गणपतराव शिंदे यांचा जन्म 18 ऑगस्ट 1923 रोजी मुंबईस झाला. लेगब्रेक आणि गुगली ही त्यांची हत्यारे. 1940-41 मध्ये ते महाराष्ट्राकडून खेळू लागले. प्रा. दि. ब. देवधरांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने रणजी करंडक लागोपाठ दुसऱ्यांदा जिंकला, तो याच हंगामात.

तो काळ महायुद्धाचा. इंग्लंडमधील कौंटी स्पर्धा बंद पडली होती. अमेरिकेत बेसबॉल चालू राहिला, पण बॉब फेलरसारखा अव्वल चेंडूफेक्या 1941 च्या डिसेंबरातच नौदलात दाखल झाला. आपल्याकडे मात्र रणजी सामने दरवर्षी होत राहिले. खेळपट्ट्या फलंदाजांना धार्जिण्या, सामने लांबलचक. मर्चंट आणि हजारे यांनी एकमेकांचे विक्रम मोडावेत, आणि गोलंदाजांनी उन्हात राबावे, असा तो हिशेब होता. शिवाय 1936 नंतर भारताला दहा वर्षे एकही कसोटी सामना मिळाला नाही. शिंद्यांची उमेदीची वर्षे त्यातच गेली.

1946 साली लॉर्ड्सवर त्यांना कसोटीची संधी मिळाली. तेथे त्यांनी चेंडूआधी बॅटीने उपयोग करून दाखवला. रुसी मोदींबरोबर शेवटच्या जोडीने 43 धावा जमवल्या, तेव्हा कोठे भारताच्या 200 झाल्या.

त्यांचा खरा दिवस उगवला नोव्हेंबर 1951 मध्ये, दिल्लीस. इंग्लंडचा डाव 203 धावांत आटोपला. शिंद्यांनी 91 धावांत 6 बळी घेतले. दुसऱ्या डावात त्यांना दीर्घकाळ गोलंदाजी करावी लागली, त्यांच्या चेंडूंवर झेल सुटले आणि हाती आलेला विजय निसटला. त्याच मालिकेत फेब्रुवारी 1952 मध्ये मद्रासला भारताने आपला पहिला कसोटी विजय मिळवला. त्या अकरा जणांत शिंदे नव्हते.

7 कसोट्यांत त्यांचे 12 बळी, सरासरी 59.75. हा आकडा खोटा नाही. लेगब्रेक टाकणारा धावा देतोच. पण तो अपुरा आहे. सुटलेला झेल गोलंदाजाच्या खात्यावर धावा होऊन चढतो. सोडणाऱ्याच्या नावावर काहीच लागत नाही. आपल्या शाहूवाडी भागातून मुंबईच्या गिरण्यांत गेलेल्या माणसांना हा हिशेब नवा नव्हता. मागावर सूत तुटले की दोष विणणाऱ्याचा; सूत कच्चे कोणी दिले, हे कोणी विचारीत नसे.

महाराष्ट्र, बडोदे आणि मुंबई या तिन्ही संघांकडून शिंदे खेळले. 22 जून 1955 रोजी मुंबईत विषमज्वराने त्यांचा अंत झाला. वयाची बत्तिशीही पुरी झाली नव्हती.

मर्चंटांच्या पराक्रमाला कमी लेखण्याचे मला कारण नाही. तो पराक्रम मोठा ठरला, कारण समोर दिवसभर न थकता चेंडू टाकणारा कोणी होता. म्हणून यापुढे कोणी त्या 359 धावांची गोष्ट सांगू लागला, तर आपण त्याला त्या 75.5 षटकांविषयी अवश्य विचारावे.