उंबरठ्यावरचे प्रेम : मराठी बोलपटाची साक्ष



श्रीमंताघरची मुलगी आणि गरिबाचा मुलगा, किंवा प्रतिष्ठित पुरुष आणि समाजाने बाहेर ठेवलेली स्त्री, यांच्या प्रेमाची गोष्ट जगभरच्या पडद्यांवर सांगितली गेली. इस्तंबूलच्या येशिलचाम या गल्लीवरून तुर्की चित्रव्यवसायाला नाव पडले. तेथील प्रेक्षकांचेही अशा कथांवर फार प्रेम होते. आपल्याकडचा १९५१ सालचा ‘आवारा’ त्यांनी आपलाच मानला, तो उगाच नव्हे. न्यायाधीशाच्या आश्रयाला असलेली रीटा आणि रस्त्यावर वाढलेला राज यांची वेदना त्यांना ओळखीची होती.

परंतु आपण भुदरगडकरांनी दूर कशाला जावे? कोल्हापूर ही मराठी चित्रपटाची जन्मभूमीच म्हणावी लागेल. बाबूराव पेंटरांनी १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढला. सावकाराने जमीन बळकावलेला शेतकरी गिरणीच्या दारात कसा येतो, हे त्यात दाखविले आणि त्या तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली. पुढे १९२९ साली कोल्हापुरातच प्रभात कंपनी उभी राहिली. गरीब आणि श्रीमंत यांतील भिंत पडद्यावर दाखविण्याची शिकवणी आपल्या मातीतच झाली.

कामगारांच्या संघटनेत राहून मला एक सवय जडली आहे. कोणताही व्यवहार समोर आला की मी प्रथम विचारतो, याची किंमत कोणी मोजली? हाच प्रश्न तीन चित्रपटांना विचारू.

पहिला, प्रभातचा १९३९ सालचा ‘माणूस’. गणपत हा साधा पोलीस शिपाई आणि मैना ही वेश्या. गणपत काही वाडेवाला नव्हे. परंतु त्याच्या अंगावर सरकारी गणवेश आहे, दरमहा पगार आहे आणि घरी देवभोळी आई आहे. मैनेजवळ यातले काहीच नाही. गणपत तिला मनापासून आपली म्हणतो. तरी त्या घरात आपणांस जागा नाही, असे तिचेच मन तिला सांगते. शेवटी छळणाऱ्या नातलगाचा तिच्या हातून खून होतो. गणपत सोडवायला तयार असताना ती नकार देते आणि तुरुंग पत्करते. तो कामावर परततो. ‘देवदास’प्रमाणे झुरून मरू नये, हा शांतारामांचा उपदेश निरोगी आहे, यात शंका नाही. पण हिशेब पाहा : शिपायाची नोकरी राहिली, मैना गजांआड गेली.

दुसरा, १९७२ सालचा ‘पिंजरा’, तोही शांतारामांचाच. येथे गावाला वंदनीय असलेले मास्तर तमाशातील चंद्रकलेच्या मोहात पडतात. भलत्याच माणसाचे प्रेत मास्तरांचे समजले जाते, गाव त्यांचा पुतळा उभारते, आणि जिवंत मास्तर स्वतःच्याच खुनाच्या आरोपाखाली फासावर जातात. येथे किंमत पुरुषानेही मोजली हे खरे. परंतु वाचले काय? पुतळा वाचला! जिवंत माणसापेक्षा गावाला त्याची अब्रू अधिक प्यारी ठरली. फडावरच्या बाईचे घुंगरू ऐकायला गर्दी करायची आणि तिला घरात मात्र घ्यायचे नाही, हा आपला जुनाच रिवाज.

तिसरा, नागराज मंजुळे यांचा २०१६ सालचा ‘सैराट’. यात पारडे उलटे आहे. आर्ची ही करमाळ्याकडील बड्या पाटलाची लेक, तर परश्या मासेमाराचा मुलगा. येथे वर्गाच्या भिंतीला जातीचा गिलावा आहे. दोघे हैदराबादला पळतात. त्यानंतरचा भाग मला सर्वांत मोलाचा वाटतो. बुलेट उडविणारी आर्ची बाटल्या भरण्याच्या कारखान्यात कामाला लागते, परश्या डोशाच्या गाडीवर राबतो. प्रेम तेव्हा संसार होते, कारण दोघांची स्वतःची कमाई आहे. मैनेला जे मिळाले नाही ते आर्चीने हातांनी मिळविले. तरीही माहेरची माणसे गोडीने घरी येतात आणि दोघांचा जीव घेऊन जातात; मागे उरते ते लहान मूल.

सारांश, भिंत प्रथम स्त्रीच्या मनात होती, मग गावच्या अब्रूत, आणि अखेर नातलगांच्या हातातील शस्त्रात. चित्रपटाने ती अधिकाधिक स्पष्ट दाखविली. पाडण्याचे काम त्याचे नव्हे.

ते काम आपल्या करवीर राज्यात शाहू महाराजांनी आंतरजातीय विवाहाला कायद्याचा आधार देऊन आरंभिले. १९५४ साली देशाला विशेष विवाह कायदा मिळाला. सज्ञान जोडप्याच्या विवाहात जमावाने आडवे येणे बेकायदा आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली बजावले. कायदा आहे, पण त्या जोडप्याला खोली भाड्याने द्यायची, काम द्यायचे आणि रात्री दार वाजले तर धावून जायचे, हे शेजाऱ्याने करावयाचे असते. पडद्यावरच्या जोडीसाठी आपण रुमाल भिजवतो. आपल्या आळीतील जोडीसाठी दार उघडले, तरच ते अश्रू खरे.