पाटणादेवी – कन्हेरगड

पाटणादेवी – कन्हेरगड : जळगाव जिल्ह्याच्या चाळीसगाव तालुक्यातील देवस्थान, लेणी व डोंगरी किल्ला. चाळीसगावच्या नैर्ऋत्येस सुमारे १८ किमी., सातमाळा रांगेच्या उत्तर कड्याखालच्या खोऱ्यात. चाळीसगावात तितूर नदीला मिळणारी डोंगरी नदी याच बाजूच्या डोंगरांतून येते. परिसर गौताळा-औट्रम घाट अभयारण्यात (स्थापना १९८६) मोडतो. पायथ्याशी पाटणे हे छोटे गाव आहे. यादवकाळात येथे भरभराटलेले नगर होते. १८८० च्या खानदेश गॅझेटिअरात ते उजाड झालेले गाव म्हणून नोंदलेले आहे. जळगाव किंवा धुळ्याहून सकाळच्या रेल्वेने निघून, वाट माहीत असलेल्या माणसासोबत गड चढून रात्री घरी परतता येते, आणि खानदेशातील एका दिवसाच्या डोंगरसहलींत हिच्याइतकी भरीव दुसरी नाही.

खानदेशात डोंगर चढणारी रेल्वे नाही. नेरळहून माथेरानची छोटी गाडी १९०७ पासून प्रवाशाला माथ्यावर नेऊन सोडते. येथे गाडी सपाटीवरूनच धावते, चढण सगळी पायांनी करायची असते. जळगावहून चाळीसगाव सुमारे ९० किमी. शिरसोली, म्हसावद, माहेजी अशी स्थानके मागे टाकत गाडी पाचोऱ्याला येते. जामनेरची अरुंदमापी ‘पी.जे.’ येथूनच सुटत असे. पुढे नगरदेवळा, कजगाव आणि वाघळी. मुंबईच्या दिशेने जाताना डावीकडची खिडकी धरावी. पावसाळा संपता संपता हवा स्वच्छ असते, तेव्हा कपाशीच्या शेतांपलीकडे सातमाळ्याची निळसर भिंत दिसू लागते. वाघळीला जलद गाड्या थांबत नाहीत, पण नाव वाचून घ्यावे. शके ९९१ (इ.स. १०६९) मधील, यादवांचा मांडलिक असलेल्या मौर्य गोविंदराजाचा शिलालेख याच गावचा. अजिंठा-वेरूळच्या मानाने हा मुलूख रिकामा आहे, असा समज येथवर आलेल्या प्रवाशाने सोडून द्यावा.

धुळ्याहून येणाऱ्यांसाठी चाळीसगाव–धुळे हा सुमारे ५६ किमी.चा फाटा आहे. तो १९०० साली सुरू झाला. शिरूड, मोरदड तांडा, राजमाने, जामदा अशा लहान स्थानकांवरून गाडी दक्षिणेकडे येते आणि डोंगर समोर येत जातो. चाळीसगाव जंक्शन मुंबईपासून ३२८ किमी. असल्याने मुंबई-नाशिकचे दुर्गप्रेमी रात्रीच्या गाडीने येऊन पहाटे येथे उतरतात. स्थानकाबाहेरून रिक्षा किंवा भाड्याची जीप करावी लागते; नवरात्रात एसटीच्या जादा गाड्या असतात. पाटणे गाव ओलांडल्यावर वनखात्याची हद्द सुरू होते. तेथून साग, पळस, सालई, धावडा आणि खानदेशाच्या कोरड्या टेकड्यांवर हटकून भेटणारा अंजन यांचे पानझडी रान आहे. बिबट्या, रानडुक्कर, नीलगाय यांचा वावर आहे. मोर आणि वानरे तर देवळापर्यंत येतात.

देवीचे देऊळ नदीकाठी, तीन बाजूंनी डोंगर असलेल्या जागी आहे. मूर्ती चंडिकेची, लोक तिला पाटणादेवी म्हणतात आणि खानदेशातील अनेक घराण्यांची ती कुलदेवता आहे. काळ्या दगडाची बांधणी यादवकाळातील असून तिला रूढ भाषेत हेमाडपंती म्हणतात. पाटण्याचे खरे धन मात्र देवळातला शिलालेख. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो अभ्यासकांपुढे आणला आणि १८६५ मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात त्याविषयी लिहिले. पुढे कीलहॉर्न यांनी ‘एपिग्राफिया इंडिका’च्या पहिल्या खंडात तो संपादित केला. लेखाचा काळ शके ११२८, म्हणजे इ.स. १२०७ च्या सुमाराचा. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा देवगिरीच्या सिंघण यादवाचा ज्योतिषी होता. आजोबांचा ‘सिद्धांतशिरोमणी’ आणि त्यांच्या वंशातील इतरांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने येथे मठ स्थापन केला. येथे सत्ता निकुंभ घराण्यातील यादव-मांडलिकांची होती. त्यांपैकी सोइदेवाने चंद्रग्रहणाच्या पर्वावर मठाला दान दिले आणि त्याच्या मागून आलेला भाऊ हेमाडिदेव याने ते चालू ठेवले.

लेखात त्रिविक्रमापासून चांगदेवापर्यंतची वंशावळ दिली आहे. भास्कराचार्यांचे वडील महेश्वर, पुत्र लक्ष्मीधर. लक्ष्मीधराची विद्वत्ता पाहून जैत्रपाल राजाने त्याला याच नगरातून नेले आणि आपल्या पंडितांचा प्रमुख केले, असे त्यात आहे. भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ (१११४) चा, आणि वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी ‘सिद्धांतशिरोमणी’ पूर्ण केला. दोन्ही गोष्टी त्यांनी स्वतःच सांगून ठेवल्या आहेत. आपले गाव सह्य पर्वताच्या आश्रयाला असलेले विज्जडविड, असेही ते सांगतात. हे गाव म्हणजे पाटण्याचा परिसर, असे मानणारा अभ्यासकांचा पक्ष आहे. बीड आणि विजापूर यांचाही दावा मांडला गेला आहे. जन्मस्थानाचा निकाल काहीही लागो, त्यांचे गणित आणि ज्योतिष शिकवण्यासाठी रीतसर सोय झाल्याचा दगडी पुरावा पाटण्याला आहे. त्यांच्या ज्या ‘लीलावती’चे फैजीने १५८७ मध्ये फारसीत आणि कोलब्रुकने १८१७ मध्ये इंग्रजीत भाषांतर केले, ती या कड्याखाली बसून मुलांनी घोकली असेल, असे मानायला हा लेख पुरेसा आधार देतो.

लेखाचा मुख्य भाग संस्कृतात असून शेवटच्या ओळी जुन्या मराठीत आहेत. मठाचा खर्च कशातून चालावा, हे तेथे बाजारच्या भाषेत सांगितले आहे. नगरात विकल्या जाणाऱ्या मालावर राजाला ग्राहकाकडून मिळणारा वाटा मठाला दिला. नगराने ग्राहकांकडून येणाऱ्या दामातला विसावा भाग दिला, पोफळे दिली, आणि जितके घाणे चालतील तितक्यांमागे एकेक पळी तेल दिले. राजाच्या सनदेइतकाच तेल्याच्या घाण्यावर आणि पेठेतल्या गिऱ्हाइकावर हा मठ उभा होता. मराठीतील आरंभीच्या शिलालेखांत याची गणना होते. देवीच्या दर्शनाला येणाऱ्या प्रत्येकाला या ओळी कोणीतरी समजावून सांगितल्या पाहिजेत. दगडासमोरून हात जोडून पुढे जाणे ही या जागेची उपेक्षा आहे. भास्कराचार्यांच्याच कुळातील अनंतदेवाचा शके ११४४ (१२२२) चा लेख गिरणाकाठच्या बहाळ येथे, याच तालुक्यात आहे. एकाच तालुक्यात एका गणिती कुळाच्या दोन खुणा कोरून राहाव्यात, ही साधी गोष्ट नव्हे.

देवळापासून जवळच महादेवाचे जुने मंदिर आहे. त्यातील शके १०७५ (११५३) च्या लेखात निकुंभ इंद्रराज, राणी श्रीदेवी आणि पुत्र गोवन यांची नावे येतात.

कन्हेरगडाची वाट महादेवाच्या मंदिराकडून चढते. पावसाळ्यानंतर गवत कमरेपर्यंत वाढते आणि ढोरवाटा मुख्य वाटेला इतक्या ठिकाणी फुटतात की पाटणे गावातला वाटाड्या बरोबर घेणेच शहाणपणाचे. त्याच्याशिवाय मधल्या टप्प्यावरची लेणी सहज चुकतात. त्यांतले नागार्जुन कोठडी हे जैन लेणे असून आत तीर्थंकरमूर्ती आहेत. तिच्यापासून जवळच सीतेची न्हाणी, हे साधे, फारसे कोरीव काम नसलेले लेणे. गडाच्या दुसऱ्या अंगाला शृंगारचावडी आहे. त्यानंतर कातळात खोदलेल्या पायऱ्या आणि पडका दरवाजा. माथ्यावर तटाचे अवशेष आणि खडकात कोरलेली पाण्याची टाकी एवढेच उरले आहे. उत्तरेला गिरणा खोऱ्याची सपाटी आणि चाळीसगावपर्यंतची शेते, दक्षिणेला कन्नडच्या पठाराची कड, आणि खाली झाडीत देवीचे शिखर. ज्या नगराने मठाला तेल आणि सुपारी दिली ते कुठवर पसरले असेल, याचा अंदाज याच माथ्यावरून येतो. म्हणून शिलालेख आधी पाहावा आणि गड नंतर चढावा.

याच रांगेच्या दक्षिण अंगाला, कन्नड तालुक्यात, पितळखोऱ्याची बौद्ध लेणी आहेत. इ.स.पूर्व दुसऱ्या शतकापासून कोरलेली ही लेणी अजिंठ्याच्या सर्वांत जुन्या लेण्यांच्या बरोबरीची. प्रतिष्ठानच्या, म्हणजे पैठणच्या, मितदेव नावाच्या गांधिकाचे आणि मगिल या राजवैद्याच्या कुटुंबाचे दानलेख येथे आहेत. म. न. देशपांडे यांच्या उत्खननात यक्षाची मूर्ती मिळाली. ती कण्हदास नावाच्या सोनाराने घडवल्याचे तिच्यावर कोरले आहे. प्राचीन शिल्पकाराचे नाव असे क्वचितच हाती लागते. पाटणादेवीकडून घळीतून वर जाणारी वाट आहे, पण ती लांब आणि घसरडी. कन्हेरगड आणि पितळखोरा एका दिवसात पायी उरकण्याचा हट्ट धरू नये. पितळखोरा कन्नडच्या बाजूने वाहनाने पाहणे सोयीचे. त्यासाठी चढावा लागणारा औट्रम घाट, लोकांच्या तोंडी कन्नड घाट, १८२५ मध्ये खानदेशात भिल्ल पलटण उभारणाऱ्या जेम्स औट्रमच्या नावाने ओळखला जातो.

ऑगस्ट ते जानेवारी हा येथे येण्याचा काळ. पावसात केदारकुंड आणि धवलतीर्थ हे धबधबे जोरात असतात आणि सुट्टीच्या दिवशी त्यांच्यापाशी गर्दी लोटते. शेवाळलेल्या खडकावरून कुंडाच्या काठाशी जाणे धोक्याचे आहे. मार्चनंतर कातळ तापतो, झाडे निष्पर्ण होतात आणि दुपारी गड चढणे अंगावर येते. गडावरच्या टाक्यांतील पाण्यावर विसंबू नये; पाणी आणि दशम्या स्थानकावरूनच बांधून न्याव्यात. अंधार पडायच्या आत अभयारण्याबाहेर पडणे आवश्यक आहे. नवरात्रातील यात्रेत देवळाचा परिसर माणसांनी भरलेला असतो. लेख आणि लेणी निवांत पाहायची असतील तर ते दिवस टाळावेत.

परतीच्या गाडीला वेळ असल्यास चाळीसगाव स्थानकाजवळ छायाचित्रकार केकी मूस (१९१२–८९) यांचे घर आहे. आता ते कलादालन आहे. मूस यांनी आयुष्याची कित्येक दशके या बंगल्याबाहेर जवळजवळ न पडता काढली आणि आतच टेबलावर मांडणी करून छायाचित्रे घेतली. रात्रीच्या पंजाब मेलची ते रोज वाट पाहत, असे गावात सांगितले जाते. दालनाच्या वेळा आधी विचारून घ्याव्यात, कारण गडावरून उतरायला उशीर झाला तर ते बंद झालेले असते.