मिश्रणाची पारख : कार्बोरेटरच्या स्क्रूपासून एअर-फ्युएल सेन्सरपर्यंत

एक किलो पेट्रोल पूर्ण जळायला सुमारे १४.७ किलो हवा लागते. आकारमानात सांगायचे तर एका लिटर पेट्रोलला जवळजवळ नऊ हजार लिटर हवा. पेट्रोल याहून जास्त झाले की मिश्रण ‘रिच’, कमी पडले की ‘लीन’. रिच गाडी काळा धूर सोडते आणि एव्हरेज देत नाही. लीन गाडी झटके खाते, चढावर दम सोडते आणि तापते. हे प्रमाण बिघडले आहे का आणि कशामुळे, हे ओळखण्याची विद्या मुंबई-पुण्यात आणि मुंबई-सुरत महामार्गावरच्या गॅरेजांत शंभर-सव्वाशे वर्षांत दोनदा मुळापासून बदलली. आधी ती मेकॅनिकच्या कानात, डोळ्यांत आणि नाकात होती. मग ती धूर तपासणाऱ्या यंत्रात आली, आणि आता एक्झॉस्टच्या पाइपात बसवलेल्या सेन्सरमध्ये आहे. हा सेन्सर मात्र मिश्रण थेट मोजत नाही. जळून गेलेल्या वायूत प्राणवायू किती उरला एवढेच तो सांगतो. त्या आकड्याचा अर्थ लावण्याचे काम आजही माणसाकडेच आहे, आणि सेन्सर खराब असल्याचे निदान चुकते ते बहुधा याच टप्प्यावर.

कार्बोरेटरचे दिवस

मुंबईत पहिल्या मोटारी १८९८ साली आल्या. त्याआधी पाच वर्षे, १८९३ मध्ये, जर्मनीत विल्हेल्म मायबाख याने पेट्रोलचा फवारा हवेत मिसळणारा कार्बोरेटर बनवला होता. इंजिनाने ओढलेली हवा अरुंद गळ्यातून जाताना तिचा वेग वाढतो, दाब घटतो आणि जेटच्या बारीक भोकातून पेट्रोल आपोआप ओढले जाते. या साध्या तत्त्वावर भारतातल्या बहुतेक पेट्रोल मोटारी विसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत चालल्या. वालचंद हिराचंद यांनी १९४४ साली स्थापलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून निघालेली फियाट आणि पुढची पद्मिनी कार्बोरेटरवर धावली. १९८३ च्या डिसेंबरात रस्त्यावर आलेली मारुती ८०० ही कार्बोरेटरचीच होती.

या गाड्यांचे मिश्रण लावण्याची रीत ठरलेली होती. इंजिन पुरते गरम करायचे, चोक उघडा आहे ना ते पाहायचे आणि स्लो, म्हणजे उभ्या गाडीतली इंजिनाची गती, थोडा वाढवून ठेवायचा. मग मिश्रणाचा स्क्रू हळूहळू आत आवळत न्यायचा. इंजिन अडखळू लागले की थांबायचे आणि तोच स्क्रू पाव-पाव फेरा बाहेर सोडायचा. इंजिनाचा आवाज एकसारखा झाला की तिथे ठेवायचे आणि शेवटी स्लो पुन्हा खाली आणायचा. पडताळा प्लगवर मिळे. गाडी थोडी पळवून आणून प्लग उघडला आणि टोकावर कोरडी काजळी दिसली तर मिश्रण रिच, टोक पांढुरके पडले असेल तर लीन, आणि बिस्किटाच्या रंगाचे असेल तर नीट. फ्लोटची पिन घासली, जेटमध्ये कचरा बसला, मॅनिफोल्डचे गॅस्केट हवा खेचू लागले, तर प्रत्येक दोषाची चिन्हे वेगळी असत आणि जाणत्या मिस्त्रीला ती पाठ असत. या विद्येत आकडा मात्र कुठेच नव्हता. एका गॅरेजातली बरोबर गाडी दुसऱ्या गॅरेजात रिच ठरू शके.

धुराचा आकडा

आकडा आणला तो कायद्याने. मोटार वाहन कायदा १९८८ आणि त्याखालचे केंद्रीय मोटार वाहन नियम १९८९ यांतल्या नियम ११५ ने धुराची मर्यादा घातली. स्लोवर चालणाऱ्या पेट्रोलच्या चारचाकीच्या धुरात कार्बन मोनॉक्साइड ३ टक्क्यांपर्यंत आणि दुचाकी-तिचाकीच्या धुरात ४.५ टक्क्यांपर्यंत चालत असे. धूर तपासणारी पीयूसी केंद्रे निघाली. सायलेन्सरमध्ये नळी घातली की अर्धवट जळलेल्या पेट्रोलचे प्रमाण यंत्रावर दिसू लागले. नव्या गाड्यांची तपासणी करून त्यांना मान्यता देण्याचे काम ज्या संस्थांकडे आले, त्यांत १९६६ साली पुण्यात स्थापन झालेली ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया, म्हणजे एआरएआय, प्रमुख होती.

पुढे मर्यादा कडक होत गेली. १ ऑक्टोबर २००४ पासून भारत स्टेज-२ या प्रदूषण मानकाच्या आणि नंतरच्या चारचाकींसाठी ती ०.५ टक्क्यावर आली, पुढे भारत स्टेज-४ च्या गाड्यांसाठी ०.३ टक्क्यावर. या शेवटच्या गटाला आणखी एक कसोटी लागली. इंजिन मिनिटाला सुमारे २,५०० फेऱ्यांवर धरून ‘लॅम्बडा’ १ च्या आसपास, ०.०३ च्या फरकात, आहे का ते पाहायचे. लॅम्बडा म्हणजे इंजिनाला मिळालेली हवा आणि लागणारी हवा यांचे गुणोत्तर. ते १ पेक्षा कमी असेल तर मिश्रण रिच, जास्त असेल तर लीन. मेकॅनिक ज्याची पारख कानाने करत आला होता तीच गोष्ट आता कायद्याच्या तक्त्यात आकड्याने आली. मात्र पीयूसीचे यंत्र मिश्रण बिघडल्याचे सांगते, बिघाडाची जागा सांगत नाही.

पाइपातला सेन्सर

एक्झॉस्टमधला प्राणवायू गाडी चालू असतानाच मोजणारा सेन्सर जर्मनीच्या बॉश कंपनीने तयार केला आणि १९७६ साली तो अमेरिकेसाठीच्या व्होल्वो गाड्यांत प्रथम बसला. त्याचा गाभा झिर्कोनियाच्या चिनी मातीसारख्या पदार्थाचा असतो. हा पदार्थ ३०० अंश सेल्सिअसच्या वर तापला की त्याच्या दोन बाजूंच्या प्राणवायूतील फरकामुळे वीजदाब तयार होतो. रिच मिश्रणावर तो ०.९ व्होल्टपर्यंत चढतो, लीनवर ०.१ व्होल्टपर्यंत उतरतो. इंजिनाचा संगणक, म्हणजे ईसीएम, त्याप्रमाणे इंजेक्टर जास्त किंवा कमी वेळ उघडा ठेवतो. हा खटाटोप मुख्यतः कॅटॅलिटिक कन्व्हर्टरसाठी होता, कारण तीनही प्रकारचे विषारी वायू एकदम निवळायचे तर मिश्रण लॅम्बडा १ च्या अगदी जवळ राहावे लागते.

भारतात हे तंत्र यायला पेट्रोलमधले शिसे आड येत होते. शिसे कन्व्हर्टर निकामी करते आणि सेन्सरही. १९९५ च्या एप्रिलमध्ये मुंबईसह चार महानगरांत शिसेविरहित पेट्रोल मिळू लागले आणि तिथल्या नव्या पेट्रोल मोटारींना कन्व्हर्टर सक्तीचा झाला. महानगरांबाहेर मात्र असे पेट्रोल मिळण्याची खात्री नव्हती. मुंबईहून पावणेदोनशे किलोमीटरवरच्या सिल्वासाकडे नवी गाडी न्यायची तर टाकीचा विचार आधी करावा लागे. १ फेब्रुवारी २००० पासून देशभर शिसेविरहित पेट्रोल झाले. त्याआधी, १९९९ च्या एप्रिलमध्ये, सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली परिसरात युरो-१ आणि युरो-२ मानकांची मुदत ठरवून दिली होती. त्या रेट्यात कार्बोरेटर मागे पडला आणि एमपीएफआय, म्हणजे प्रत्येक सिलिंडरला स्वतंत्र इंजेक्टर, ही पद्धत मारुती ८०० पर्यंत खाली आली.

मानके सगळीकडे एकदम लागू झाली नाहीत. २०१० साली भारत स्टेज-४ ज्या तेरा शहरांत प्रथम आले त्यांत मुंबई, पुणे, सोलापूर आणि सुरत होती. मुंबई आणि सुरत यांच्या मधले सिल्वासा त्या पहिल्या यादीत नव्हते. सिल्वासा ज्यात येते त्या दादरा-नगर हवेलीत करसवलतींमुळे कारखाने वाढले होते, वापीकडून महामार्गाची वर्दळ येत होती, आणि सिल्वासा ते वासोणा-खानवेल रस्त्यावर जुन्या-नव्या सगळ्या पिढ्यांच्या गाड्या एकत्र धावत होत्या. अशा ठिकाणच्या मेकॅनिकला कार्बोरेटर, जुना सेन्सर आणि नवा सेन्सर ही तिन्ही तंत्रे एकाच वेळी येणे भाग होते. भारत स्टेज-४ देशभर लागू झाले ते २०१७ च्या एप्रिलमध्ये.

नवा सेन्सर आणि त्याची उलटी भाषा

जुना सेन्सर फक्त बाजू सांगे, किती ते सांगत नसे. एअर-फ्युएल सेन्सर, ज्याला वाइडबँडही म्हणतात, ती उणीव भरून काढतो. याच्या नेहमीच्या रचनेत झिर्कोनियाचे दोन घटक असतात. एक घटक छोट्या पोकळीतला प्राणवायू मोजतो आणि दुसरा विजेच्या जोरावर प्राणवायू आत किंवा बाहेर ढकलून पोकळीतले मिश्रण लॅम्बडा १ वर धरून ठेवतो. त्यासाठी लागलेला प्रवाह म्हणजे सेन्सरचे उत्तर. मिश्रण बरोबर असेल तर प्रवाह शून्य, लीन असेल तर एका दिशेने, रिच असेल तर उलट दिशेने. बॉशच्या सेन्सरला पाच तारा असतात, डेन्सोच्या अनेक सेन्सरना चार. काम करण्यासाठी तो ७०० अंशांच्या आसपास किंवा वर तापलेला लागतो, म्हणून आतला हीटर हा त्याचा महत्त्वाचा भाग आहे.

इथेच जुन्या सवयीचे मेकॅनिक फसले. टोयोटाच्या अनेक गाड्यांत बरोबर मिश्रणावर ३.३ व्होल्ट दिसतात आणि आकडा वर गेला की मिश्रण लीन असते. जुन्या सेन्सरमध्ये वरचा आकडा रिचचा होता. शिवाय काही साधे स्कॅनर हा आकडा पाचाने भागून ०.६६ दाखवत. ०.४५ व्होल्टची सवय असलेल्याला ती गाडी रिच वाटे आणि चांगला सेन्सर काढून टाकला जाई.

निदानाची रीत

गाडीने आपले दोष आपणच नोंदवण्याची सोय, ओबीडी, भारतात भारत स्टेज-४ बरोबर २०१० मध्ये आली आणि २०१३ पासून तिचा दुसरा टप्पा सक्तीचा झाला. पहिल्या टप्प्यात तुटलेली तार किंवा बंद पडलेला भाग ओळखला जाई. दुसऱ्यात सेन्सर मंदावला आहे का यावरही लक्ष आले. चेक लाइट लागली की स्कॅनर लावायचा, हे तेव्हापासून गॅरेजचे पहिले पाऊल झाले. पी ०१३५ हा कोड हीटरचा आहे, पी २१९५ म्हणजे सेन्सर लीनवर अडकला आणि पी २१९६ म्हणजे रिचवर अडकला. पी ०१७१ आणि पी ०१७२ हे सबंध मिश्रण लीन किंवा रिच असल्याचे सांगतात. कोडमध्ये सेन्सरचे नाव आले म्हणजे सेन्सर बदलायचा, ही सर्वांत महागात पडणारी समजूत होय.

सेन्सर साक्षीदार आहे आणि साक्षीदाराला दोष देण्याआधी घटना तपासावी लागते. त्यासाठी फ्युएल ट्रिम पाहतात. ईसीएमने ठरलेल्या पेट्रोलपेक्षा किती टक्के वाढवले किंवा घटवले ते हा आकडा सांगतो. स्लोवर ट्रिम अधिक वीसच्या घरात आणि रेस धरल्यावर शून्याकडे येत असेल, तर मॅनिफोल्ड किंवा व्हॅक्यूमची नळी हवा खेचते आहे, कारण जास्त हवेच्या वेळी गळतीचा वाटा नगण्य होतो. स्लोवर ठीक आणि लोडवर ट्रिम वाढत असेल, तर पेट्रोलचा पंप, फिल्टर किंवा हवा मोजणारा सेन्सर संशयित ठरतो. एखादा सिलिंडर मिसिंग मारत असेल तर न वापरलेला प्राणवायू बाहेर येतो आणि इंजिन लीन असल्याचे खोटे चित्र उभे राहते. सेन्सरच्या आधी एक्झॉस्टला चीर असेल तर बाहेरची हवा आत येऊन तसेच होते.

हे सगळे नाकारल्यावर सेन्सरची पाळी येते. आधी फ्यूज आणि कनेक्टर पाहायचा. सह्याद्रीच्या पायथ्याच्या मुंबई-सुरत पट्ट्यात पावसाळा जोराचा असतो, आणि पाणी शिरून पिनांवर चढलेला हिरवा गंज साफ केल्यावरच कधी कधी कोड जातो. मग थंड सेन्सरच्या हीटरचा रोध मोजायचा. तो साधारण दोन ते चार ओहम असतो. मीटरवर काहीच आले नाही तर हीटर जळाला. शेवटची कसोटी प्रतिसादाची. गरम इंजिनावर व्हॅक्यूमची एक नळी काढली की आकडा लगेच लीनकडे जायला हवा, आणि एअर इनटेकमध्ये क्लीनरचा थोडा फवारा दिला की लगेच रिचकडे. आकडा जागचा हलला नाही किंवा रेंगाळत गेला, तरच सेन्सर मेला असे म्हणता येते. अशा सेन्सरचे टोकही बोलते. काळी काजळी म्हणजे रिच इंजिन, पांढरा थर म्हणजे कूलंट जळणे किंवा सिलिकॉन सीलंटचा वापर. कारण दूर न करता नवा सेन्सर बसवला तर तोही तसाच जातो.

इंधन बदलले, रीत तीच

मुंबईत उच्च न्यायालयासमोरच्या धुराच्या खटल्यानंतर आणि त्यातून नेमल्या गेलेल्या लाल समितीच्या अहवालानंतर टॅक्सी-रिक्षा सीएनजीवर गेल्या, मागाहून खासगी गाड्याही. एक किलो सीएनजीला सुमारे १७ किलो हवा लागते, पण सेन्सर लॅम्बडा ओळखत असल्याने त्याचे काम चालते. किट नीट लावलेले नसेल तर गॅसवर साठलेली ट्रिम पेट्रोलवर उतरते आणि पेट्रोलची बाजू विनाकारण बिघडलेली दिसते. इथेनॉलचे उलट आहे. त्याला फक्त नऊपट हवा पुरते, म्हणून वीस टक्के इथेनॉलच्या पेट्रोलचे प्रमाण साडेतेराच्या आसपास येते. दहा टक्क्यांसाठी लावलेल्या गाडीत ट्रिम तीन-चार टक्क्यांनी वर सरकणे हा दोष नव्हे.

१ एप्रिल २०२० पासून भारत स्टेज-६ आले आणि नव्या दुचाकींमध्येही इंजेक्शन व ऑक्सिजन सेन्सर सर्वसाधारण झाले. २०२३ च्या एप्रिलपासून मोटारींच्या धुराची परीक्षा प्रत्यक्ष रस्त्यावर घेण्याचा टप्पा सुरू झाला, त्यामुळे सेन्सरच्या अचूकपणाला आणखी महत्त्व आले. दुरुस्तीनंतरचा शेवट सगळीकडे सारखा आहे. कोड पुसायचा, साठलेली ट्रिम शून्यावर आणायची, गाडी स्लोवर, महामार्गावर आणि चढावर चालवायची आणि ट्रिम दोन्ही बाजूंना दहा टक्क्यांच्या आत राहते का ते पाहायचे. ती राहिली तर निदान बरोबर ठरते, नाही तर तपास पुन्हा हवेच्या गळतीपासून सुरू करावा लागतो.