करवंदाची जेली आणि जुनी इंदूर

मे महिना सरत आला की जुनी इंदूरच्या आमच्या आजोळी भर दुपारी गल्लीतून हाक येई, "करौंदे ले लोऽ!" आजी अंथरुणावरून उठे आणि आम्हा मुलांना म्हणे, "करवंदे आली रे, टोपली आण." उंबरठ्याबाहेर करौंदा, आत करवंद. सीमाभागातल्या वाचकांना यात नवल वाटायला नको. बेळगावच्या बाजारात 'कवळी हण्णु' म्हणून घेतलेले फळही घरी पोचेपर्यंत करवंदच होते! पण दोन दिवसांनी आजी बरणीत जे भरी, त्याला घरात आणि गल्लीत एकच नाव होते, जेली. मुरांबा नाही, मुरब्बाही नाही.

हा तिसरा शब्द जुनी इंदूरच्या चुलीपाशी आला कसा, याची हकीकत थोडी मागे जाऊनच सांगावी लागते. खान आणि सरस्वती या नद्यांच्या काठची ही वस्ती होळकरांच्याही आधीची, मंडलोई जमीनदारांची. २१ डिसेंबर १८१७ रोजी महिदपूरला होळकरांचा पराभव झाला, ६ जानेवारी १८१८ ला मंदसोरचा तह झाला आणि राजधानी इंदूरला आली. दरबारामागोमाग मराठी कारकून, भिक्षुक, शिलेदार यांची बिऱ्हाडे वाढली. त्याच तहाच्या पोटी इंदुरात रेसिडेन्सी आली आणि पाचसहा कोसांवर महूची छावणी वसली. मुरांब्याची बरणी आणि साहेबाची बाटली अशी एकमेकींच्या शेजारी आली.

साहेबाला मटणाबरोबर लाल करंटाची जेली लागे. ते फळ इथे कोठून मिळणार? पण चोरल, मानपूर, पातालपाणीच्या डोंगरउतारांवर करवंदाच्या जाळ्या होत्या. करवंदाचा रंग तसाच, आंबटपणा तसाच आणि मुख्य म्हणजे रस गोठण्याचा गुणही तसाच. हा गुण ज्या द्रव्यामुळे येतो त्या पेक्टिनचा छडा ब्राकोनो या फ्रेंच रसायनज्ञाने १८२५ मध्ये लावला. कच्च्या फळात ते अधिक असते, पिकता पिकता कमी होते. आजीने ब्राकोनोचे नाव ऐकले नव्हते. तरी काळ्याभोर करवंदांत ती मूठ-दोन मुठी लालसर कच्ची घालीच. "नाहीतर धरत नाही," एवढेच तिचे स्पष्टीकरण.

पण गुण फळात असून भागत नाही. जेलीला रसाच्या पाऊणपट ते बरोबरीने पांढरी साखर लागते. गुळाने तिचा रंग जातो आणि होतो तो गुळांबा. १९३२ च्या कायद्याने देशी साखरधंद्याला संरक्षण मिळाले, गिरण्या भराभर वाढल्या. छावणीतली जेली मध्यमवर्गीय मराठी घरात शिरली ती या साखरेच्या आधाराने, असा माझा तर्क आहे. महायुद्धात साखरेचे रेशनिंग आले तेव्हा ती पुन्हा चैनीची वस्तू झाली असणार.

कृती तशी सोपी, धीर मात्र फार लागतो. करवंदे मिठाच्या पाण्यात धुवायची म्हणजे चीक सुटतो. थोड्या पाण्यात अर्धा तास शिजवून, ठेचून पंच्यात बांधायची आणि पुरचुंडी रात्रभर टांगून ठेवायची. पातेले कल्हईचेच हवे, आंबट रस नुसत्या पितळेत कळकतो. आणि पुरचुंडी पिळायची नाही! एकदा मावशीने घाईने ती पिळली, तर जेली गढूळ झाली आणि तिचे नाव वर्षभर निघत राहिले. सकाळी निथळलेल्या रसात साखर घालून मोठ्या आचेवर आटवायचा. पळी तिरपी धरल्यावर काठाशी दोन थेंब एकत्र येऊन पापुद्र्यासारखे पडले की खाली उतरवायचे. पुस्तकांत १०५ अंश लिहितात, ते समुद्रकाठचे. इंदूर साडेपाचशे मीटर उंचीवर. तिथे पाणीच ९८ च्या आसपास उकळते, तेव्हा जेलीही १०३ लाच होते. पुस्तक उघडून बसणाऱ्या सुनेची जेली चिवट का होई, त्याचे उत्तर यात आहे.

मराठी घराने साहेबाच्या कृतीत एक भर घातली. पुरचुंडीतला चोथा टाकून देणे आजीला पटेना. बिया काढून, गूळ-तिखट घालून ती त्याची चटणी करी. पाहुण्यांपुढे जेली जाई. आम्हाला चटणीच जास्त आवडे.

या सगळ्या इतिहासात रेसिडेन्सी आहे, साखर आहे, आजीही आहे. टोपली आणणारी बाई मात्र कुठेच नाही. ती भिलाली असे. पहाटे काट्यांत हात घालून तिने खुडलेली करवंदे आजी घासाघीस करून घेई. जंगलातल्या अशा गौण वनोपजावर आदिवासींचा हक्क देशाने कायद्याने मान्य केला तो २००६ मध्ये.

आजीच्या वहीत जेलीचे पान अजून आहे. साखर किती, मीठ किती, सारे मापाने लिहिलेले. समासात पेन्सिलीने एक ओळ आहे, 'करवंदवालीला जुने लुगडे दिले, यंदा तिचे हात फार फाटले होते.' नाव लिहिलेले नाही.