डोहाळ्यांची वाच्यता

गरोदर स्त्रीने आपल्या बदलत्या शरीराचे छायाचित्र आणि त्याविषयीचे मनोगत इन्स्टाग्राम किंवा फेसबुकवर मांडणे ही गेल्या दीड दशकातील नवी प्रथा मानली जाते, आणि पूर्वी जे चार भिंतींआड झाकलेले होते ते आज उघड्यावर आले, अशी समजूत त्या चर्चेच्या मुळाशी असते. महाराष्ट्रापुरते पाहिले तर ही समजूत टिकत नाही. गर्भारपण कोणत्या महिन्यात, कोणासमोर, कोणत्या रूपात आणि कोणत्या शब्दांत प्रकट व्हावे याचे नियम मराठी समाजाने फार पूर्वीपासून बारकाईने घालून दिले होते, आणि आजच्या प्रथेत नवे काय व जुने काय हे ठरवायचे तर आधी ते नियम पाहावे लागतात.

‘डोहाळा’ हा शब्द प्राकृतातील ‘दोहल’ आणि संस्कृतातील ‘दोहद’ किंवा ‘दौहृद’ या शब्दांच्या कुळातला आहे. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात असे म्हटले आहे, की चौथ्या महिन्यात गर्भाचे हृदय व्यक्त होते, त्यामुळे स्त्री दोन हृदयांची होते आणि गर्भाच्या इच्छा तिच्या तोंडून बोलू लागतात. त्या अव्हेरल्या तर अपत्य व्यंग घेऊन जन्मते, असेही तेथे बजावले आहे. मराठीत गरोदर स्त्रीला आजही ‘दोन जिवांची’ म्हणतात, त्यात या कल्पनेचाच प्रतिध्वनी ऐकू येतो. या कल्पनेमुळे एरवी जिच्या आवडीनिवडीला घरात फारशी किंमत नसे, त्या सुनेला काही महिने मागण्याचा अधिकार मिळाला. परंतु तो अधिकार गर्भाच्या नावाने मिळाला होता, तिच्या स्वतःच्या नावाने नव्हे, हे विसरता येत नाही.

जुन्या वाङ्मयात डोहाळे आणि शरीर या दोहोंची वर्णने आढळतात. कालिदासाने ‘रघुवंशा’च्या तिसऱ्या सर्गात राणी सुदक्षिणेचा फिकटलेला चेहरा, थकव्यामुळे उतरवलेले दागिने, माती खाण्याची ओढ आणि पुढे पुन्हा भरत गेलेले अंग यांचे वर्णन केले आहे, पण हे सारे राजाच्या दृष्टीने पाहिलेले आहे. कवींद्र परमानंदाच्या ‘शिवभारता’त जिजाबाईंना गडावर चढण्याचे आणि सिंहासनावर बसण्याचे डोहाळे लागतात, म्हणजे तेथे आईची इच्छा ही भावी पुत्राच्या पराक्रमाची पूर्वसूचना ठरते. सर्वांत अस्वस्थ करणारे उदाहरण सीतेचे आहे. गंगातीरावरील आश्रम पाहण्याची तिची इच्छा रामायणाच्या उत्तरकांडात तिच्याच त्यागाचे निमित्त होते. गर्भवतीने विश्वासाने सांगितलेली गोष्ट तिच्याविरुद्ध वापरली जाऊ शकते, ही जाणीव परंपरेत इतकी जुनी आहे.

लोकाचारात प्रकटीकरणाच्या पायऱ्या ठरलेल्या होत्या. ‘दिवस गेले’ ही बातमी सुरुवातीला घरातल्या मोजक्या बायकांपुरती राही. तिसऱ्या महिन्यात ‘चोरचोळी’ होई, म्हणजे निकटच्या स्त्रिया गाजावाजा न करता हिरवी चोळी देत आणि ओटी भरत. आजही अनेक जोडपी पहिले तीन महिने उलटल्याशिवाय बातमी जाहीर करत नाहीत. या चालीला वैद्यकीय आधार आहे, कारण गर्भपाताचा धोका त्या काळात अधिक असतो, पण तिचे वळण मात्र जुनेच आहे. पुढे पाचव्या किंवा सातव्या महिन्यात डोहाळजेवण होई. हिरवी साडी, हिरवा चुडा, मुंडावळीपासून बाजूबंदापर्यंत फुलांचे दागिने म्हणजे फुलांची वाडी, आणि झोपाळा, नाव, बाग किंवा चांदणे यांची सजावट, असा तो सोहळा असे. पेढा निघाला तर मुलगा आणि बर्फी निघाली तर मुलगी, असे झाकलेल्या वाट्यांचे भाकीतही त्यात होते. ज्या राज्याला १९८८ मध्ये गर्भलिंगचाचणीविरुद्ध देशात प्रथम कायदा करावा लागला आणि जेथे २०११ च्या जनगणनेत सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे ८९४ मुलीच मोजल्या गेल्या, तेथे हा खेळ निरागस राहत नाही.

छायाचित्रकलेचा प्रसार झाल्यावर विसाव्या शतकातील मध्यमवर्गीय घरांत डोहाळजेवणाचा फोटो काढण्याची रीत पडली, आणि आजच्या ‘मॅटर्निटी शूट’चा थेट पूर्वज शोधायचा तर तो येथे सापडतो. या जुन्या फोटोंची मांडणी लक्षपूर्वक पाहण्यासारखी आहे. स्त्री पाटावर किंवा खुर्चीवर बसलेली असे, पदर पुढे घेतलेला असे, आणि वेणीवरची फुले दिसावीत म्हणून पुष्कळदा मागे आरसा ठेवलेला असे. आरशाने पाठ दाखवली, पदराने पोट झाकले. ज्या कारणासाठी फोटो काढला जाई ते पोट फोटोत नसे. दृष्ट लागेल ही भीती होतीच. शिवाय सोहळ्यात सवाष्णींना मान होता, तर विधवा आणि मूल नसलेल्या स्त्रिया बाजूला ठेवल्या जात. या वगळण्यातील क्रौर्य परंपरेच्या कौतुकात दडपले जाऊ नये.

शरीराविषयी खरे बोलणे झाले ते जात्यावर. पहाटे दळताना बायका ज्या ओव्या गात, त्यांत चेहऱ्यावर उतरलेली ‘गर्भच्छाया’, म्हणजे गर्भामुळे आलेली सावळी-पिवळी झाक, दंडात रुतणारी चोळी, आंबटाची वासना, माहेरची ओढ आणि बाळंतवेणांची भीती येते. साने गुरुजींनी ‘स्त्रीजीवन’ या संग्रहात अशा ओव्या एकत्र केल्या, आणि पुढे हेमा राईरकर व गी पॉइतव्हाँ यांच्या प्रयत्नाने ग्रामीण महाराष्ट्रातून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा झाल्या. पोटुशी असतानाही शेतावर राबणाऱ्या आणि फुलांची वाडी जिच्या वाट्याला कधी आली नाही अशा बाईचा आवाज या संग्रहांत आहे. तो सोहळ्याच्या फोटोपेक्षा अधिक विश्वसनीय आहे.

लिखित गद्यात हा अनुभव उशिरा आला. चौदाव्या वर्षी झालेले मूल दहाच दिवसांत गमावलेल्या आनंदीबाई जोशी यांनी १८८६ मध्ये पेनसिल्व्हेनियातील स्त्री-वैद्यक महाविद्यालयाची पदवी घेतली, तेव्हा त्यांच्या प्रबंधाचा विषय प्राचीन हिंदूंमधील प्रसूतिविद्या हा होता. र. धों. कर्वे यांनी १९२७ मध्ये सुरू केलेल्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकात वाचकांचे शरीराविषयीचे प्रश्न आणि त्यांची रोखठोक उत्तरे छापली जात, आणि त्यासाठी त्यांना खटले सोसावे लागले. १९३४ मध्ये त्यांची बाजू न्यायालयात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मांडली. १९३० मध्ये निघालेल्या ‘स्त्री’ मासिकाने आणि १९८९ पासून ‘मिळून साऱ्याजणी’ने स्त्रियांना स्वतःच्या नावाने लिहिण्याची जागा दिली.

शरीराच्या सौंदर्याची कल्पनाही या काळात पालटली. बाळंतिणीला सव्वा महिना शेक-शेगडी, अळिवाची खीर आणि डिंकाचे लाडू देताना ती ‘अंगाने भरावी’ अशीच अपेक्षा असे, जरी पोट सुटू नये म्हणून ते लांब कापडाने घट्ट बांधलेही जाई. आज तेच भरलेले अंग दोष ठरते आणि काही आठवड्यांत पूर्ववत व्हावे असा धाक असतो. ऑगस्ट १९९१ मध्ये ‘व्हॅनिटी फेअर’ या अमेरिकी मासिकाच्या मुखपृष्ठावर सात महिन्यांच्या गरोदर, विवस्त्र डेमी मूरचे ॲनी लीबोविट्झ यांनी काढलेले छायाचित्र आले, तेव्हा काही दुकानांनी तो अंक वेष्टनात गुंडाळून विकला. २०१० मध्ये इन्स्टाग्राम आल्यानंतर तशी प्रतिमा सामान्य घरांच्या आवाक्यात आली आणि पदराआडचे पोट चित्राच्या मध्यभागी आले. त्याबरोबर बघणाऱ्यांचे वर्तुळ मात्र सवाष्णींच्या घोळक्यापुरते उरले नाही. त्यात परके पुरुष, विक्रेते आणि निंदकही आले, आणि ज्या विधवेला किंवा निपुत्रिक स्त्रीला पूर्वी दाराबाहेर थांबावे लागे तिलाही ते दार उघडे झाले.

इतिहास पाहता असे म्हणावे लागते, की समाजमाध्यमांनी डोहाळजेवणाच्या फोटोचा वारसा भरभरून घेतला आणि ओवीचा वारसा थोडाच घेतला. पोटावरचे व्रण, प्रसूतीनंतरचे नैराश्य, गळून गेलेला गर्भ यांविषयी ज्या स्त्रिया आज मराठीत लिहितात त्या ओवीच्या परंपरेतल्या आहेत, आणि त्यांच्या लिखाणाला निर्लज्जपणा म्हणणाऱ्यांना स्वतःच्याच आजी-पणजीचे गाणे ठाऊक नाही. पिठाच्या गिरण्या आल्या आणि जाते थांबले. ते गाणे पाठ असलेल्या बायका आता थोड्या उरल्या आहेत. ज्यांच्या घरात अशी एखादी वृद्ध स्त्री असेल, त्यांनी तिला तिच्या बाळंतपणांविषयी विचारावे आणि ती सांगेल ते तिच्या नावानिशी, तिच्या संमतीने लिहून ठेवावे.